मेसिए मॅरेथॉनच्या रात्री सापडलेला १११ वा डाग

मी आकाशदर्शनाचे कार्यक्रम घेतो, पोटापाण्याचं कामच ते. शनिवारी दुपारी गाडीत दोन डॉब्सोनियन दुर्बिणी टाकायच्या, एक दहा इंची एक सहा इंची, वीस-पंचवीस लोकं, जुन्नरकडे एकाच्या शेतावर रात्रभर जागायचं आणि सकाळी पोहे खाऊन परत. ऐकायला मजा वाटते पण अर्धी रात्र "लेन्सला बोट लावू नका" आणि "मोबाइलचा टॉर्च बंद करा" यातच जाते.

वर्षातली सगळ्यात दमवणारी रात्र म्हणजे मार्चमधली मेसिए मॅरेथॉन. मार्चच्या मध्यापासून सूर्य आकाशाच्या ज्या भागात असतो तिथे मेसिएच्या यादीतलं फारसं काही नाही, त्यामुळे अमावस्येच्या आसपासची रात्र धरली तर संध्याकाळपासून पहाटेपर्यंत जवळजवळ सगळे ११० तेजोमेघ, तारकागुच्छ आणि दीर्घिका एका दमात बघता येतात. आपल्या अक्षांशावरून तर छानच जमतं, युरोपवाल्यांना धनु-वृश्चिकेतलं बरंच काही क्षितिजाला घासून बघावं लागतं.

आता हा मेसिए कोण, तर पॅरिसमधला धूमकेतू शोधणारा माणूस. १७५८ मध्ये एका धूमकेतूच्या मागावर असताना त्याला वृषभ राशीत एक पुसट डाग दिसला, धूमकेतूसारखाच, फक्त जागचा हलेना. तो आपला एम १ (एम म्हणजे मेसिएच्या यादीतला नंबर), १०५४ साली चिनी लोकांनी नोंदवलेल्या ताऱ्याच्या स्फोटाचा उरलेला धूर. असे फसवे डाग त्याने लिहून ठेवायला सुरुवात केली. म्हणजे आज आपण ज्याला खजिना म्हणतो ती खरं तर "यांच्या नादी लागू नका" अशी यादी आहे. १७७४ ला पहिली यादी आली ४५ ची, आणि त्यात ४५ वा नंबर चक्क कृत्तिका! कृत्तिका बघून धूमकेतू वाटेल असा माणूस मला तरी भेटलेला नाही, पण असो.

तर त्या रात्री सुरुवातच बोंबलली. पश्चिमेला कुणीतरी उसाचं पाचट पेटवलेलं, सगळा धूर नेमका क्षितिजावर. एम ७४ गेला. देवयानीतली दीर्घिका कशीबशी पावणेआठ-आठच्या सुमारास दाखवली आणि मी नेहमीचं सुरू केलं, की बघा हा डाग आपल्या आकाशगंगेतला आहे की बाहेरचा यावर मोठमोठे लोक भांडत होते, १९२३ मध्ये हबलला माउंट विल्सनच्या शंभर इंची दुर्बिणीतून काढलेल्या फोटोत त्यात एक रूपविकारी, म्हणजे उजेड कमी-जास्त होणारा तारा सापडला, त्यावरून अंतर निघालं आणि कळलं की ही स्वतंत्र दीर्घिका आहे, आज ते अंतर २५ लाख प्रकाशवर्षं धरतात. एक काका आयपीसला डोळा लावून म्हणाले, "सर, भिंतीला ओल आल्यासारखं दिसतंय." चूक नाही काही त्यांची. अंधुक उजेडात डोळ्याला रंग कळत नाहीत, त्यामुळे इन्स्टावरची गुलाबी-निळी दीर्घिका डोक्यात घेऊन आलेल्याला राखाडी डाग दाखवला की तो पैसे मोजायला लागतो.

मृगातला तेजोमेघ बघून काका जरा निवळले, तो कुणालाही आवडतो. मग मिथुनेतला एम ३५, सारथीतले तिन्ही गुच्छ, पुष्य नक्षत्रातला एम ४४, पटापट टिकमार्क. साडेनऊच्या सुमारास काकांची मुलगी, आठवीत वगैरे असेल, सहा इंचीवरून ओरडली, "दादा, सिंहेत काहीतरी आहे!"

मी दहा इंचीवर वाकलेलो, न बघताच म्हणलं एम ९५ असेल, लिही.

"नाहीये. ९५ मघाच्या पुढे आहे, हे तोंडापाशी आहे."

सिंहेचा तो कोयता असतो ना, मघा त्याची मूठ, तर हिची दुर्बीण कोयत्याच्या पात्याच्याही पुढे, सिंहाच्या तोंडाशी गेली होती. आणि सिंह त्या वेळी जवळजवळ डोक्यावर. डॉब्सोनियन नेमकी तिथेच अडते, नळी सरळ उभी, कुठल्या बाजूला ढकलावी कळत नाही, म्हणूनच पोरगी भलतीकडे घसरली असणार. मी कुरकुरत जाऊन बघितलं. लांबट डाग, मधे जरा उजळ, कडा विरत गेलेल्या. माझ्या हातातल्या ११० च्या नकाशात त्या जागी काहीही नाही.

खोटं कशाला बोलू, पोटात एकदम खड्डा पडला. सहा वर्षं ही मॅरेथॉन करतोय आणि दरवर्षी याच सिंहेतून पाच टिकमार्क करून पुढे पळतोय. धूमकेतूला शोधणाऱ्याचं नाव लागतं, आपल्या खगोलशास्त्रज्ञ वेणू बाप्पूंचं १९४९ मध्ये लागलेलं, हे मीच तासाभरापूर्वी जेवताना फेकलं होतं आणि आता पोरगी माझ्याकडे बघतेय.

मी खिशातून मोबाइल काढला तर म्हणाली, "दादा, ॲप नको ना. मेसिएकडे होतं का ॲप?"

काय बोलणार. म्हणलं ठीके, मग त्याच्यासारखंच करू. आजूबाजूचे तारे कागदावर काढ, डाग कुठल्या ताऱ्याच्या किती जवळ आहे ते नीट मांड, वेळ लिही, तीनेक तासांनी परत बघू. हलला तर धूमकेतू. तिने लाल टॉर्च तोंडात धरून चित्र काढलं, सात तारे आणि एक पेन्सिलीने घासलेला डाग, खाली ९.४२.

आणि मी काय केलं, तर दहा मिनिटांनी लघवीला जातो सांगून गाडीमागे गेलो आणि ॲप उघडलं. ऊसाच्या बाजूला बिबट्याची भीती म्हणून शेतमालकाने एकट्याने जायचं नाही असं बजावलेलं, तरी गेलो, इतकी खाज. एनजीसी २९०३, एनजीसी म्हणजे मेसिएपेक्षा कितीतरी मोठी दुसरी यादी. सुमारे ३ कोटी प्रकाशवर्षांवरची दीर्घिका. विल्यम हर्शेलने १७८४ मध्ये शोधलेली. आपल्याला पत्ता नाही कारण ती यादीत नाही. लाज वाटली थोडी. पण त्याहून वाईट म्हणजे आता एक वाजेपर्यंत तोंड सरळ ठेवून हिंडायचं होतं.

तोपर्यंत सप्तर्षी वर आले, एम ८१-८२ ची जोडी, एम ५१ ज्याचे भोवऱ्यासारखे पिळे १८४५ मध्ये लॉर्ड रॉसला आयर्लंडमध्ये त्याच्या सहा फुटी आरशातून पहिल्यांदा दिसले, आणि मग कन्येतला तो दीर्घिकांचा गोतावळा. हा भाग मला मनापासून आवडतो आणि लोकांना मनापासून कंटाळा येतो. एकाच गल्लीत इतके डाग की कुठला ८४ नि कुठला ८६ यात मीही चुकतो. एम ८७ वर मात्र थांबवतो सगळ्यांना. साडेपाच कोटी प्रकाशवर्षांवरचा गोल पांढरा ठिपका, दिसायला काही नाही, पण २०१९ मध्ये कृष्णविवराचा जो पहिला फोटो आला तो याच्या पोटातला. काका तिथे चक्क दोनदा रांगेत उभे राहिले. मावशींनी तेवढ्यात कोरा चहा पाठवला, दूध संपलेलं.

मुलगी दर अर्ध्या तासाने विचारायची, वाजले का. शेवटी एक वाजायला पाच मिनिटं असताना दुर्बीण लावली. सिंह पश्चिमेला कलला होता, चित्र तिरकं धरायला लागलं. बराच वेळ डोळा काढलाच नाही तिने. मग एकेक तारा मोजला, परत कागद, परत आयपीस.

"हलला नाही."

चेहरा पडला तिचा. मी तोंड उघडणार तेवढ्यात तीच म्हणाली, "मग तर यादीत पाहिजे ना? न हलणाऱ्यांचीच यादी आहे ना ती?"

मी एकदम गप्प. बरोबरच होतं की. हा डाग एम ९५ पेक्षा सोपा दिसतो, मेसिए आणि त्याचा जोडीदार मेशँ दोघांनी सिंह पालथा घातलेला, तरी सुटला. मग सांगितलं तिला, हर्शेल, १७८४, मेसिएची शेवटची यादी छापून तीन वर्षं झाल्यावर. हर्शेलने त्यातल्या एका उजळ गाठीला वेगळं धरलं म्हणून एका दीर्घिकेला दोन नंबर पडले, २९०३ आणि २९०५.

"तुम्हाला आधीच माहिती होतं?"

"पावणेदहाला नव्हतं," म्हणलं. "दहाला होतं."

तिने असं बघितलं माझ्याकडे की विचारू नका. मग चेकलिस्टच्या खाली पेनने ओळ आखली, १११ लिहिलं, पुढे टिकमार्क, वेळ ९.४२.

पहाटे धनु राशीतली गर्दी उपसली, साडेचारनंतर लोक खुर्च्यांवर आडवे, मीच एकटा मकर राशीतल्या एम ३० साठी पूर्वेला डोळे लावून. तो आला असेलही, पण उजाडायला लागलं आणि तिकडेही धुरकट. दहा इंचीवर १०५ झाले. पोहे खाताना सर्टिफिकेटं भरत होतो, त्यावर छापलेलं असतं "११० पैकी". मुलीचे ८७ झालेले. काकांनी सर्टिफिकेट माझ्याकडे परत सरकवलं, म्हणाले, "सर, ८८ करा. आणि ते ११० खोडून १११."

केलं.