गुन्ह्याच्या तपासातून पटकथेकडे

पोर्तुगालच्या दूरचित्रवाणी लेखकांपैकी फ्रान्सिश्कू मोईता फ्लोरेश यांच्याविषयी मला विशेष कुतूहल आहे. आलेंतेजू प्रांतातल्या मोरा गावी १९५३ साली जन्मलेले हे गृहस्थ मालिका लिहू लागण्याआधी ‘पुलिसिया ज्युडिसियारिया’ या गुन्हे अन्वेषण दलात तपास अधिकारी होते, आणि त्या नोकरीची छाप त्यांनी निवडलेल्या विषयांवरही पडलेली दिसते. इतिहासातला प्रसंग निवडतानाही त्यांची नजर बहुधा गुन्ह्यावरच जाते.

सरकारी वाहिनी आरटीपीसाठी त्यांनी लिहिलेली आल्व्हेश दुश रेइश याच्यावरची मालिका हा याचा ठळक नमुना आहे. या माणसाने बँक ऑफ पोर्तुगालच्या नावे बनावट करारपत्र रचले, त्याच्या जोरावर लंडनच्या वॉटरलो अँड सन्स या छापखान्याकडून ५०० एस्कुदोच्या नोटा छापून घेतल्या आणि १९२५ साली चक्क स्वतःची बँक काढली. नोटा अधिकृत छापखान्यातून आलेल्या असल्याने त्या पारखून खोट्या ठरवणे जवळजवळ अशक्य होते. डिसेंबरमध्ये एकाच क्रमांकाच्या दोन-दोन नोटा सापडल्या, तेव्हा कुठे बिंग फुटले. दरम्यान हा पठ्ठ्या बँक ऑफ पोर्तुगालचेच समभाग विकत घेत सुटला होता, कारण जिने फिर्याद करायची ती संस्थाच खिशात आली, तर तक्रार करणार कोण? पटकथाकाराला आयता मिळालेला असा खलनायक विरळाच.

राजा जुझे पहिला याच्यावर १७५८ साली झालेला हल्ला आणि त्यापायी ताव्होरा घराण्याला दिलेला क्रूर देहदंड, हा विषयही त्यांनी मालिकेतून हाताळला. ‘आ फेरैरिन्या’ (२००४) मात्र वेगळ्या वळणाची आहे. दोरू नदीच्या खोऱ्यात पोर्ट वाइनचा व्यवसाय नावारूपाला आणणाऱ्या आंतोनिया फेरैरा यांची ती कथा. १८६१ साली नाव उलटून त्यांच्यासोबतचे ब्रिटिश वाइन व्यापारी बॅरन फॉरेस्टर बुडाले आणि त्या वाचल्या. फुगलेल्या घागऱ्याने त्यांना तरंगत ठेवले, अशी आख्यायिका आजही सांगितली जाते.

मधल्या काळात, २००५ ते २०१२ पर्यंत, ते सांतारेंचे महापौरही होते. राजकारणात लेखणी म्यान होते असा माझा समज आहे, पण त्यांनी त्याच काळात, २०१० साली, राष्ट्राध्यक्ष सिदोनियू पाइश यांच्या १९१८ मधल्या खुनावर कादंबरी प्रसिद्ध केली.