तिरीप : वाकलेल्या काळातला उजेड कसा मोजायचा

माझ्या भाच्याने यंदा एकांकिका लिहिली आहे. गोव्यात फोंड्याकडचं एक जुनं घर, राजांगणाला, म्हणजे घरातल्या चौकाला लागून एक खोली, आणि त्या खोलीत काळ निम्म्या वेगाने चालतो. मुलगी ५ वर्षांची असताना ३० वर्षांची आई त्या खोलीत जाते. बाहेर ५० वर्षं उलटतात, आत २५. आई दार उघडून येते तेव्हा दोघीही ५५ वर्षांच्या असतात. वाचताना माझ्या अंगावर काटा आला.

फक्त एका वाक्यावर मी अडले. मुलगी शिंपल्यांच्या तावदानांची खिडकी किलकिली करून आत मीटर धरते आणि म्हणते, "दोनशे लक्स आहेत." प्रकाशयोजना माझ्याकडे आहे. लक्स मीटर माझ्या पिशवीत कायम असतो. म्हणून त्याला म्हटलं, "हे नाही चालणार रे."

"मावशी, प्रेक्षकांना काय कळणार आहे?"

"मला कळतंय ना."

लक्स म्हणजे एखाद्या जागेवर किती उजेड पडतो त्याचं माप, आणि ते माणसाच्या डोळ्याला बांधलेलं आहे. १९७९ साली कँडेलाची, म्हणजे उजेडाच्या तीव्रतेच्या मूळ एककाची जी व्याख्या ठरली, तिच्या मुळाशी सेकंदाला ५४० लाख कोटी कंपनं असलेला हिरवा प्रकाश आहे, कारण आपला डोळा त्याच्या आसपास सर्वांत तिखट असतो. अशा प्रकाशाच्या एका वॉटला ६८३ लुमेन; लुमेन म्हणजे दिव्यातून निघणाऱ्या एकूण उजेडाचं माप. यातलं "सेकंद" कोणाचं, हे विचारायची गरज आपल्याला पडत नाही. त्या घरात मात्र सेकंद दोन आहेत.

आत हिरवा दिवा लावला, तर बाहेरच्या घड्याळाने त्याची कंपनं निम्मी होतात. म्हणजे ५५५ नॅनोमीटरची लहर १११० नॅनोमीटरची होते. ती अवरक्त, डोळ्याला दिसतच नाही. शिवाय प्रकाशकणही निम्म्या गतीने येतात. प्रत्येक कणाची ऊर्जा अर्धी, दर सेकंदाला येणारे कण अर्धे, एकूण शक्ती पाव. आणि लक्स मीटर शून्य दाखवणार! आईने दिवा लावलाय आणि मुलीचं यंत्र सांगतंय की लावलेलाच नाही. या नाटकात असं होऊन कसं चालेल?

हे नुसतं कल्पनेतलं नाही. गुरुत्वाकर्षणानेही काळाचा वेग बदलतो. १९६० साली पाउंड आणि रेब्का या भौतिकशास्त्रज्ञांनी हार्वर्ड विद्यापीठातल्या साडेबावीस मीटरच्या मनोऱ्यात गॅमा किरणांच्या कंपनांवर गुरुत्वाकर्षणाचा हाच परिणाम मोजून दाखवला. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं आपल्यापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, म्हणून ती मुळातच जुळवून पाठवतात. भाच्याने तेच फार मोठं केलंय, एवढंच.

मग दोन्ही घड्याळांना मान्य होईल असं काय उरतं? कणांची संख्या. आतून निघालेला प्रत्येक कण बाहेर पोचतो. उशिरा येतो, थकून येतो, पण येतो. म्हणून आम्ही नवं माप बांधलं आणि त्याला तिरीप म्हटलं. एक लुमेनचा शुद्ध हिरवा दिवा एका सेकंदात जितके कण सोडतो, ते एक तिरीप. आकडा येतो सुमारे ४,०९० लाख कोटी. आतल्या घड्याळापेक्षा बाहेरचं किती पट पुढे जातं, त्याला वाक म्हणायचं. आईच्या खोलीचा वाक २. सेकंदांऐवजी पळं घेतली, कारण २४ सेकंदांचं पळ कानाला त्या घरातलं वाटतं. आईचा दिवा एक लुमेनचा धरला. आता संहितेत मुलगी म्हणते, "आई, तुझ्या एका पळाच्या चोवीस तिरिपी मला दोन पळांत मिळतात. एकही वाया जात नाही." संपूर्ण नाटकात मला सगळ्यात जवळचं वाक्य हे.

माप आल्यावर नाटकातल्या इतर जागाही हलल्या. दिवसा ती खिडकी मुळीच उघडायची नाही, असा नियम आला. बाहेरचा उजेड आत शिरताना उलटा बदलतो, कंपनं दुप्पट होतात. दुपारचं साधं ऊन आत अतिनील होऊन आईची कातडी भाजेल.

दुसरा प्रवेश तर पार पालटला. तिथे खोलीतला काळ संथ ठेवणारं यंत्र बिघडतं आणि काही क्षण खोली बाहेरच्यापेक्षा १९ पट जलद धावते. भाच्याने कंसात लिहिलं होतं, "आत मिट्ट काळोख." पण काळोखातही आपलं शरीर तापलेलं असतं. त्वचा साधारण ३०६ केल्विन, म्हणजे ३३ अंश सेल्सियस, आणि तिच्यातून सतत अवरक्त किरण निघतात, चौरस मीटरला जवळजवळ ५०० वॉट. १९ पटीने कंपनं वाढली की त्या किरणांचा रंग ५,८०० केल्विनच्या आसपासचा, म्हणजे थेट सूर्याच्या पृष्ठभागाचा. शक्ती १९ गुणिले १९, ३६१ पट. चौरस मीटरला एक लाख ऐंशी हजार वॉट! भर दुपारचं ऊन हजारभर वॉटचं असतं. दिवा नाही, काडी नाही, आणि आई स्वतः सूर्यासारखी पेटलेली दिसते. भिंतीही तशाच. मुलगी त्या क्षणी खिडकी लावते. ती आईकडे पाहू शकत नाही, हा प्रवेशाचा गाभा झाला. हे गणित कागदावर उतरलं तेव्हा आम्ही दोघं बराच वेळ काही बोललो नाही.

राहिला प्रश्न रंगमंचाचा. वाक २ दाखवायचा कसा? हल्ली सगळीकडे एलईडीचे दिवे. डिमर खाली घेतला तर ते नुसते मंद होतात, रंग तोच. जुना हॅलोजन मात्र डिमरवर लाल होत जातो, कारण तार थंड होते. तापलेल्या वस्तूचा प्रकाश वाकलेल्या काळातून आला, तर त्याचा रंग हुबेहूब तितक्याच पटीने कमी तापमानाच्या वस्तूसारखा दिसतो. स्टेजच्या हॅलोजनची तार साधारण ३,२०० केल्विनची. १,६०० पर्यंत उतरवली की जो निखाऱ्याचा रंग येतो, तोच वाक २ चा रंग. दिव्यापुढे रंगीत जिलेटिन कागद लावायची गरजच नाही.

त्यामुळे खोलीत दोन हॅलोजन आणि बाहेर राजांगणात सगळे एलईडी, असं ठरवलंय. दिग्दर्शकाचं म्हणणं, इतक्या लाल उजेडात आईचा चेहरा मागच्या रांगेला दिसणार नाही. मी म्हटलं, मग तिला खिडकीच्या जवळ आणा, उजेड वाढवणार नाही.