पाण्याच्या पाळीवर अडलेली तडजोड

लोकअदालतीच्या दिवशी चोपड्याच्या कोर्टात पाय ठेवायला जागा नसते, बँकवाले, चेक बाउन्सवाले, वीज बिलवाले सगळे एकदमच येतात, आणि त्याच गर्दीत माझी एक वाटपाची मॅटर होती. माझ्या पक्षकार ताई पन्नाशीच्या, दावा दोन सख्ख्या भावांवर. तापीकाठची काळी जमीन, एक विहीर, सगळी केळी. वडील गेल्यावर सातबाऱ्यावर वारस म्हणून तिघांची नावं लागली पण कसत होते दोघं भाऊच. (बाईमाणसाला मालमत्तेच्या दाव्यात आपल्याकडे कोर्ट फी माफ आहे, हे कितीतरी बहिणींना माहीतच नसतं, म्हणून मुद्दाम लिहितोय.)

भावांनी तडजोडीचा मसुदा टाइप करूनच आणलेला. त्यात सरळ लिहिलेलं, वादीने स्वखुशीने हक्क सोडला, बदल्यात दर आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) माहेरी बोलावून साडीचोळी. मी ताईंना शब्द न शब्द वाचून दाखवला. थोरला म्हणाला, "वकीलसाहेब, लग्न झालेल्या बहिणीला कोणी जमीन देतं का हो?" मी म्हटलं आप्पा, २००५ पासून मुलगी जन्मानेच हिस्सेदार आहे, २०२० ला सुप्रीम कोर्टाने ते अजून पक्कं केलंय, देण्याघेण्याचा प्रश्नच नाही, जमीन तिची आहेच. ताई एवढंच बोलल्या, "दादा, मी भांडाले नही उनू, मना हिस्सा मांगाले उनू." मला विचाराल तर हक्कसोड घेऊन केलेल्या निम्म्या तडजोडी ह्या तडजोडी नसतातच, बहिणीला गप्प बसवलेलं असतं.

धाकटा मऊ होता, त्याने थोरल्याला बाजूला नेलं, चहा झाला, तासाभरात जमिनीचे तीन तुकडे नकाशावर ठरले. मला वाटलं आता संपलं. पण खरं भांडण विहिरीवर निघालं. थोरल्याने वार वाटले, सोमवार-मंगळवार माझे, पुढचे दोन धाकट्याचे असं. ताई म्हणाल्या, उन्हाळ्यात केळीला चार दिवस पाणी नाही मिळालं तर बाग उभी राहील का? आणि शेतीची थ्री फेज लाईट कधी दिवसा कधी रात्री, पाळी बदलत राहते, मग ज्याच्या वाराला रात्र येईल त्याने काय करायचं? खरं सांगतो, हा मुद्दा आम्हा दोन्ही वकिलांच्या डोक्यातच नव्हता. शेवटी असं ठरलं की रोज जितके तास लाईट राहील त्याचे तीन समान भाग, पहिला नंबर दर आठवड्याला बदलायचा. स्टार्टरच्या खोलीच्या तीन चाव्या. बिल, मोटर, पाइपलाइनचा खर्च तिघांनी सारखा. केळीची गाडी निघायला बांधावरून रस्ता, रुंदीसकट लिहिला.

मी प्रत्येक ओळीवर अडून बसलो, थोरला वैतागला, पण लोकअदालतीचा अवॉर्ड म्हणजे कोर्टाचा हुकूमनामाच, वर अपील नाही, मग जे कागदावर नाही त्यावरून पुढच्या हंगामात पुन्हा डोकी फुटणार. पॅनलवरच्या जज मॅडमनी भावांना बाहेर उभं करून ताईंना एकटीला विचारलं, कोणाचा दबाव आहे का, मजकूर समजला का. ताईंनी पाण्याचं कलम न बघता तोंडपाठ सांगितलं! मॅडमनी मग भावांना आत घेऊन तिघांच्या सह्या घेतल्या.

नक्कल काढून तलाठ्याकडे फेरफाराला दिली. मे महिन्यात मोटर जळाली तेव्हा थोरल्या आप्पांचा फोन आला, "साहेब, मोटरचं कलम कोणतं हो?" म्हटलं सात नंबर. तिघांनी सारखे पैसे काढले आणि दुसऱ्या दिवशी पाणी सुरू झालं.