तुम्ही विचारलंत म्हणून: मानशेकार समुद्रच का अडवत नाही?

गोव्यात पेडण्यापासून काणकोणापर्यंत कुठल्याही शाळेत माझ्या गोष्टी वाचायला गेले की एक हात हमखास वर येतो. "मॅडम, मानशेकाराला जादू येते, तर तो समुद्रच का अडवत नाही?" मोठी माणसंही हेच विचारतात, फक्त आडवळणानं: तुमच्या जादूत दम का नाही हो?

ज्यांनी गोष्टी वाचलेल्या नाहीत त्यांना थोडक्यात सांगते. मानशेकार म्हणजे नदीकाठच्या बांधातली भरती-ओहोटीची दारं सांभाळणारा. माझ्या त्या मुलखात मंत्र नाहीत, छडी नाही. आहे तो हातगुण, आणि तो ज्याच्या-त्याच्या धंद्याचा. पदेराचा, म्हणजे पाववाल्याचा, पाव खाल्ला की तो शिळा होईपर्यंत खोटं बोलता येत नाही (म्हणून तिथली पंचायत नेहमी रात्री उशिरा भरते). रेंदेराला, म्हणजे माडाची सूर काढणाऱ्याला, माडाच्या शेंड्यावर गावभरचं बोलणं ऐकू येतं, पण जमिनीला पाय टेकला की तो सगळं विसरतो. भट्टीवाला काजूच्या दारूसारखं माणसाचं बोलणं गाळतो. पहिल्यांदा गाळलं की हुर्राक, म्हणजे हलकीफुलकी चहाडी. पुन्हा गाळलं की फेणी, म्हणजे खरं काय ते. मिठागरात राबणारी बाई कुठलीही गोष्ट नासू देत नाही, मग ती मासळी असो की जुनं भांडण. पण पहिल्या पावसापर्यंतच.

ही पावसाची अट माझ्या डोक्यातून आलेली नाही. मिठागर उन्हाळ्याचं, पाऊस पडला की त्या वर्षाचं मीठ संपलं. धंद्याची जी हद्द तीच जादूची हद्द, असं मी आता सरळ धरून चालते. आधी मात्र एवढी अक्कल नव्हती.

पहिल्या खर्ड्यात माझा मानशेकार पुनवेच्या उधाणाला बांधावर उभा राहतो, हात वर करतो आणि मानशीची दारं कायमची मिटतात. समुद्र बाहेर डोकं आपटत राहतो. मला ते पान फार आवडलं होतं. आमच्या गावच्या मानशीवर जन्म काढलेल्या एका काकांना मी ते मोठ्या हौसेनं वाचून दाखवलं. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि विचारलं, "बाय, आनी दोंगरावेलें उदक? तें खंय वतलें?"

डोंगरावरून उतरणारं पाणी! मी चार महिने समुद्राकडे तोंड करून लिहीत होते, पाठीमागे पाऊस पडतो हे विसरूनच गेले होते.

मानस म्हणजे काय ते इथं सांगायला हवं, कारण पुण्याच्या एका वाचकाला मानशेकार म्हणजे मनोविकारतज्ज्ञ वाटला होता. मांडवी-जुवारीच्या काठची आमची खाजन शेतं भरतीच्या पातळीपेक्षा खाली आहेत. अशी जमीन गोव्यात सुमारे 18 हजार हेक्टर असल्याचं सांगतात. नदी आणि शेत यांच्यामध्ये चिखलमातीचा बांध, आणि बांधात जिथं पाण्याला वाट ठेवलेली असते तिथं मानस: लाकडी दारं, वरून टांगलेली. भरती आली की बाहेरचं पाणी त्यांना रेटतं आणि दारं मिटतात. सुकती लागली की आतलं पाणी रेटतं आणि दारं उघडतात. मोटार नाही, कळ नाही. खारं पाणी वाटेल तसं आत शिरू नये आणि पावसाचं आत तुंबू नये, ही दोन्ही कामं एकच दार करतं.

काका मला एका रात्री घेऊन गेले. त्यांनी टॉर्च बंद करायला लावला. भरती ओसरत होती. दोन्ही बाजूंचं पाणी सारख्या पातळीला आलं आणि बराच वेळ काहीच झालं नाही. मग ते उकिडवे बसले, दाराच्या वरच्या फळीवर तळवा ठेवला आणि माझाही हात ओढून शेजारी ठेवला. फळी गार, बुळबुळीत, कडेला कालवांची खरखर. आधी नुसती थरथर लागली, मांजर घुरघुरताना पाठीला लागते तशी. मग कुठून तरी 'सुस्स' असा आवाज आला आणि दार बोटभर सरकलं. काकांनी तोवर जाळं बांधायला घेतलंही होतं, कारण उतरत्या पाण्याबरोबर सुंगटं, म्हणजे कोळंबी, येतात.

घरी येऊन मी ते पान फाडलं. आता माझ्या मानशेकाराचा हातगुण तेवढाच: दारावर, किंवा माणसाच्या पाठीवर, तळवा ठेवला की आत किती साचलंय आणि बाहेर किती रेटा आहे ते त्याला कळतं. राग कधी बाहेर जाऊ द्यायचा आणि कधी दार मिटू द्यायचं, हे तो सांगतो. त्याची किंमतही मला शोधावी लागली नाही. भरतीची वेळ रोज साधारण 50 मिनिटांनी पुढे सरकते, म्हणून त्याची झोपही सरकते, जेवणही. बायकोमुलांबरोबर एका पंगतीला बसणं त्याला पंधरवड्यातून एखाद्या वेळी जमतं. ते पान मी काकांच्या घरी वाचलं तेव्हा काकी आतून म्हणाल्या, "हें खरें बरयलां." म्हणजे, हे खरं लिहिलंय.

दुसऱ्या गोष्टीतल्या खलनायकालाही लोक कमजोर म्हणतात. तो राक्षस नाही. मानशीवरच्या मासळीची पावणी, म्हणजे लिलाव, त्यानं घेतलेली असते आणि जास्त मासळी मिळावी म्हणून तो भरतीलाही दारं अडकवून उघडी ठेवतो. एवढ्यानं शेत जातं. खारं पाणी मुरलं की वर्षानुवर्षं भात येत नाही, खारफुटी उभी राहते. 1964 च्या कूळ कायद्यानंतर बांधांची राखण कोमुनिदादीकडून, म्हणजे गावच्या जुन्या जमीनधारक संस्थेकडून, कुळांच्या संघांकडे गेली. तेव्हापासून कोण चुकलं यावर आमच्याकडे कुठल्याही लग्नात वाद घालता येतो. मी त्यात पडत नाही, मला जेवायचं असतं.

सध्या तिसरी गोष्ट लिहितेय. तिच्यात माणूस खलनायकच नाही. एक कुर्ली, म्हणजे खेकडी, आहे, बांधात बीळ करणारी. करंगळी जाईल एवढं बीळ, आणि पुनव चार दिवसांवर. काकांना अजून वाचून दाखवलेली नाही.