ग्रॅमी, बासरी आणि अरणगाव

२२ फेब्रुवारी, रात्री उशिरा

आमचा भाचा दरवर्षी या तारखेला सुतक पाळतो. स्वतः जन्मला त्या प्रसंगानंतर कितीतरी वर्षांनी, पण दुःख मात्र १९८९ सालचं. त्या वर्षी २२ फेब्रुवारीला लॉस एंजेलिसच्या श्राइन ऑडिटोरियममध्ये ग्रॅमी या अमेरिकेतल्या संगीत पुरस्कारांचा एकतिसावा सोहळा झाला आणि त्यात मेटालिका या मेटल बँडला डावलून जेथ्रो टल या बँडला बक्षीस दिलं गेलं. आज जेवायला आला होता. पिठलं शिजेपर्यंत परत तेच पुराण सुरू. शेवटी म्हटलं, लाव बाबा ते रेकॉर्डिंग, एकदा बघूनच टाकू.

बघितल्यावर कळलं की पोराचं चुकत नाही. ग्रॅमी देणाऱ्या अमेरिकेतल्या संगीत अकादमीने त्या वर्षी पहिल्यांदाच हार्ड रॉक आणि मेटल, म्हणजे खरखरीत गिटारी आणि दणदणीत ड्रम्सचं संगीत, असा एक जोड विभाग काढला होता. नामांकनं पाच: एसी/डीसी, इगी पॉप, जेन्स ॲडिक्शन, मेटालिका आणि जेथ्रो टल. यातले पहिले चार कसेबसे एका पंगतीत बसतात. पाचवे म्हणजे एका पायावर उभा राहून बासरी वाजवणारा इयन अँडरसन आणि त्याचे सोबती. इंग्लंडची ही मंडळी साठच्या दशकापासून लोकसंगीत, ब्लूज आणि रॉक यांची आपली वेगळीच मिसळ करत आलेली.

आणि त्याच संध्याकाळी त्याच रंगमंचावर मेटालिकाने ‘वन’ हे गाणं वाजवलं होतं. मला या संगीतातलं फार कळत नाही, पण ते सादरीकरण मी दोनदा पाहिलं. युद्धात हात, पाय, डोळे, कान सगळं गमावलेला आणि आपल्याच देहात कोंडून पडलेला एक सैनिक. सुरुवात हळवी, जवळजवळ अंगाईसारखी. मग ड्रम्स मशीनगनच्या गतीने सुटतात आणि शेवटपर्यंत थांबत नाहीत. समोर सूट-बूट घातलेले आणि झगमगीत कपड्यांतले लोक बसलेत. ग्रॅमीच्या मंचावर मेटल बँड वाजण्याची ती पहिलीच वेळ.

मग ॲलिस कूपर आणि लीटा फोर्ड हे रॉक गायक आले, पाकीट फोडलं आणि नाव निघालं जेथ्रो टल. सभागृहात आधी गोंधळ, मग हुर्यो. बक्षीस घ्यायला बँडचं कोणीच नव्हतं. तुम्हाला काही मिळत नाही, येऊ नका, असं त्यांच्या रेकॉर्ड कंपनीनेच सांगितलं होतं! पुढे त्याच कंपनीने ‘बिलबोर्ड’ मासिकात जाहिरात दिली: लोखंडी सळ्यांच्या ढिगाऱ्यात पडलेली एक बासरी आणि खाली मजकूर, की बासरी हेही एक जड धातूचं, म्हणजे ‘हेवी मेटल’, वाद्य आहे. मला तर ही जाहिरात बक्षिसापेक्षा जास्त आवडली.

(मध्येच एक नोंद. खरा जेथ्रो टल हा अठराव्या शतकातला इंग्रज शेतकरी. घोड्याने ओढायचं पेरणीयंत्र काढलं म्हणून तिकडच्या पाठ्यपुस्तकांत त्याचं नाव असतं. आमच्या आजोबांना हे कळलं असतं तर त्यांनी गोठ्याच्या भिंतीला टेकवलेल्या तिफणीकडे नुसतं बोट दाखवलं असतं.)

असं का झालं असावं, याचा मी माझ्यापुरता अंदाज केला. मत देणारे अकादमीचे सभासद: गायक, वादक, निर्माते, ध्वनिमुद्रक. त्यात वयाने आणि नावाने मोठी माणसं पुष्कळ. नव्या विभागात पाच नावं आली, त्यातली चार कानाला खरखरीत. पाचवं नाव ऐकून वीस वर्षांपूर्वीची एखादी तबकडी आठवली आणि खूण तिथे पडली. कटबिट काही नसणार. आपल्याकडच्या स्पर्धांतही परीक्षकांचे कान असेच कुठल्या तरी एका सालात थांबलेले असतात.

भाच्याच्या जखमेवर पुढे मलमही लागलं. दुसऱ्या वर्षी हार्ड रॉक आणि मेटल वेगळे केले आणि मेटलचं बक्षीस ‘वन’लाच दिलं. १९९२ मध्ये पुन्हा जिंकल्यावर ड्रमर लार्स उलरिकने, या वर्षी अल्बम न काढल्याबद्दल जेथ्रो टलचे जाहीर आभार मानले. एवढं होऊनही सुतक काही फिटत नाही.

पण त्याच्या पुराणात एक प्रकरण कधीच येत नाही, ते मी आज त्याला ऐकवलं. त्याच वर्षी रॅपसाठीही पहिल्यांदाच ग्रॅमी ठेवलं होतं. डीजे जॅझी जेफ आणि फ्रेश प्रिन्स ही फिलाडेल्फियाची जोडी ते जिंकली. फ्रेश प्रिन्स म्हणजे तेव्हा वीस वर्षांचा असलेला विल स्मिथ. घरच्यांना पोरांचं काही कळतच नाही, असं तक्रारीचं गमतीदार गाणं. फक्त हे बक्षीस टीव्हीवर दाखवायचं नाही, प्रक्षेपणाच्या आधीच देऊन टाकायचं, असं ठरलं होतं. वेळ नाही, हे कारण. वेळ कोणासाठी नसतो हे आपल्याला लग्नाच्या पंगतीपासून साहित्य संमेलनापर्यंत सगळीकडे माहीत आहे. विल स्मिथ आणि जेफ गेलेच नाहीत. सॉल्ट-एन-पेपा आणि एलएल कूल जे यांनाही नामांकन होतं, तेही बहिष्कारात. कूल मो डी हा रॅपर मात्र गेला. दुसऱ्या कुठल्या तरी विभागाचं बक्षीस द्यायला त्याला बोलावलं होतं, तिथे उभ्याउभ्या त्याने सगळ्या रॅपर मंडळींच्या वतीने चार ओळी म्हणून घेतल्या. जाणारा बरोबर की न जाणारे, यावर मी आणि भाचा बराच वेळ भांडलो. माझं मत न जाणाऱ्यांच्या बाजूने.

भाचा गेल्यावर मी उरलेल्या बक्षिसांची यादी बघत बसले आणि नगरला पोचले.

त्या वर्षीचं सर्वोत्तम रेकॉर्ड आणि सर्वोत्तम गाणं, दोन्ही मान बॉबी मॅकफेरिनच्या ‘डोन्ट वरी, बी हॅपी’ला मिळाले. त्याआधी १९८८ च्या सप्टेंबरमध्ये ते अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेलं होतं. वाद्य एकही नाही. शिट्टी, चुटक्या, खालचा घुमणारा सूर, वरचे सगळे आवाज त्याच्या एकट्याच्या तोंडचे, एकावर एक चढवलेले. तेव्हा आमच्याकडे माळीवाड्याच्या स्टँडजवळच्या कॅसेटच्या दुकानात ते दिवसभर वाजायचं. शिट्टी सगळ्यांना यायची, शब्द अर्ध्यांना.

आणि ते शब्द आमच्याच शिवारातले! सॅन फ्रान्सिस्कोला टक आणि पॅटी या जॅझ जोडप्याच्या घरी मॅकफेरिनने एक पोस्टर पाहिलं. त्यावर आध्यात्मिक गुरू मेहेरबाबांचा हसरा चेहरा आणि हे वाक्य. मेहेरबाबा पुण्यात जन्मले ते १८९४ मध्ये, इराणी कुटुंबात. मुक्काम नगरजवळ, दौंड रस्त्यावरच्या अरणगावला, म्हणजे मेहेराबादला. आम्ही काही त्यांचे अनुयायी नव्हतो. नगरची माणसं जशी चांदबीबीच्या महालावर डबे घेऊन जायची, तशीच मेहेराबादलाही जाऊन यायची. टेकडीवर समाधी, खाली जुनी वस्ती आणि मधून रेल्वेचे रूळ. कुर्ता-पायजमा घातलेले गोरे लोक भाजीबाजारात मोडक्या हिंदीत घासाघीस करायचे, त्याचंही कोणाला नवल नव्हतं.

अण्णा आम्हाला एकदा अमरतिथीला घेऊन गेले होते. ३१ जानेवारीला, बाबा गेले त्या दिवशी, दुपारी बाराला हजारो माणसं पंधरा मिनिटं मौन धरतात. लहान पोराला ती पंधरा मिनिटं म्हणजे तास. माझ्या भावाला नेमकी तेव्हाच तहान लागली आणि त्याने खुणेने पाणी मागितलं. पुढे कितीतरी दिवस तो आम्हाला खुणा करूनच छळायचा.

मौनाचं कारण म्हणजे बाबा स्वतः १० जुलै १९२५ पासून १९६९ मध्ये जाईपर्यंत बोलले नाहीत. आधी अक्षरांच्या पाटीवर बोट फिरवून सांगायचे. १९५४ मध्ये पाटीही सोडली आणि नुसत्या हातवाऱ्यांवर आले. म्हणजे हे वाक्य त्यांच्या तोंडून कोणी ऐकलेलंच नाही. शेजारी बसलेल्या कोणीतरी ते बोटांवरून वाचून मोठ्याने म्हटलं, मग ते कार्डांवर छापलं गेलं, मग पोस्टरवर. तिथून मॅकफेरिनच्या गळ्यात आणि मग श्राइन ऑडिटोरियममध्ये. बाबांना जाऊन नुकतीच वीस वर्षं झाली होती आणि तीनच दिवसांनी त्यांचा वाढदिवस होता. असल्या योगायोगांवर माझा विश्वास नाही, पण नगरकर म्हणून छाती थोडी फुगली, हे रोजनिशीत लिहायला हरकत नाही.

एक गोष्ट मात्र खुपते. बाबांच्या उपदेशात हे वाक्य एकटं नाही. त्याच्या आधी आहे, की आपल्या परीने पुरेपूर प्रयत्न करा; मग काळजी सोडा आणि माझ्या प्रेमात आनंदी राहा, मी मदत करीन. पोस्टरवर आली ती मधली चार अक्षरं. पुढचे कष्ट गेले आणि मागचा आधारही गेला. राहिला तो नुसता सल्ला, आणि नुसता सल्ला कोणीही कोणालाही देऊ शकतो. गाण्यातच बघा, घरमालक भाडं मागतोय, काळजी करू नका. १९८८ च्या निवडणुकीत थोरल्या बुशसाहेबांच्या प्रचारातही हे गाणं वाजू लागलं आणि मॅकफेरिनला त्याला आक्षेप घ्यावा लागला. ज्याच्या हाती कारभार आहे तो लोकांना म्हणणार, चिंता सोडा!

बहिष्कार घालणाऱ्या मंडळींना हे बरोबर कळलं असणार. १९८९ च्याच उन्हाळ्यात पब्लिक एनिमी या रॅप गटाचं ‘फाइट द पॉवर’ आलं, त्यात या गाण्याचं नाव घेऊन टपली आहे: हे पहिल्या नंबरचं गाणं, पण मी कधी ते म्हटलं तर माझ्या थोबाडीत मारा, अशा अर्थाची. मला दोन्ही गाणी आवडतात आणि त्यात मला काही अडचण वाटत नाही. मॅकफेरिनचा गळा अफाट आहे. त्या रात्री त्याला जॅझ गायनाचंही बक्षीस मिळालं, त्याची आठवण कोणी काढत नाही.

पण मत माझ्या हातात असतं तर दोन्ही मोठी बक्षिसं मी ट्रेसी चॅपमनच्या ‘फास्ट कार’ला दिली असती. दारुड्या बापासाठी शाळा सोडलेली मुलगी, दुकानात गल्ल्यावर काम करते, गाडीवाल्या मित्राबरोबर शहर सोडते आणि शेवटी तोही बापाच्याच वाटेने जातो. काळजी करू नकोस, हे तिला कोणी कोणत्या तोंडाने सांगणार? दोन्ही विभागांत नामांकन होतं, दोन्ही हुकले. नवोदित कलाकार म्हणून मात्र तिचा मान झाला.

२०२३ मध्ये ल्यूक कूम्ब्स या कंट्री, म्हणजे अमेरिकेतल्या ग्रामीण ढंगाच्या संगीतातल्या, गायकाने तेच गाणं शब्दाला धक्का न लावता गायलं आणि ते पुन्हा तुफान चाललं. कंट्री संगीतवाल्यांनी त्या वर्षीच्या सर्वोत्तम गाण्याचं बक्षीस गीतकार म्हणून चॅपमनला दिलं. कृष्णवर्णीय गीतकाराला तो मान पहिल्यांदाच मिळाला. मग २०२४ च्या ग्रॅमीत ती स्वतः गिटार घेऊन उभी राहिली, केस पांढरे झालेले, शेजारी कूम्ब्स. तो तिच्याकडे बघत सगळे शब्द ओठांनी म्हणतोय आणि ती मिश्किल हसतेय. ती चित्रफीत भाच्याला आत्ताच पाठवली. त्याचं उत्तर आलं, “मावशी, गिटारचा ट्यूनिंग बघ किती स्वच्छ आहे.” त्याला गोष्ट ऐकूच येत नाही, गिटार ऐकू येते. अकादमीने त्याला सभासद करून घ्यायला हवं.