समेवर येणारं चित्र : जळगावातल्या आमच्या स्टुडिओची वाटचाल

बियाणं, ठिबक सिंचन आणि लग्नपत्रिकांची ॲनिमेशनं यांवर आमचा स्टुडिओ चालतो. त्यातून उरलेला पैसा शास्त्रीय संगीतावरच्या लघुपटांत घालायचा, हे सुरुवातीलाच ठरलं आणि आजही तसंच चालू आहे.

कॅनडात काम केलेले ॲनिमेशनकार नॉर्मन मॅक्लारेन यांनी कॅमेऱ्याशिवाय थेट फिल्मवर चित्रं काढली. आम्ही कपाशीच्या शेतातली काळी माती घेतली. ढेकळं वाळवून कुटायची, मलमलीतून चाळायची. खाली एलईडी पॅनल, त्यावर दुधी काच, काचेवर भुकटी, डोक्यावर कॅमेरा. बोटाने किंवा कोरड्या ब्रशने आकार जरासा सरकवायचा, फोटो घ्यायचा. आधीचं चित्र पुसूनच पुढचं होतं, त्यामुळे कोणत्या फ्रेमला कोणतं चित्र, याचा तक्ता आधी पक्का लागतो.

तक्ता तालावरून बनतो. सेकंदाला 24 फ्रेम, एक चित्र दोन फ्रेम. तीनताल मिनिटाला 160 मात्रांचा (ठोक्यांचा) असेल तर मात्रा 9 फ्रेमची, 16 मात्रांचं आवर्तन, म्हणजे तालाचा एक फेरा, 144 फ्रेमचं, म्हणजे 72 चित्रं. चार मात्रांचा विभाग 36 फ्रेमचा, त्यामुळे विभागाच्या सुरुवातीची टाळी किंवा खाली (टाळीविना मात्रा) नेमक्या चित्रावर येते. अधलीमधली मात्रा एका फ्रेमने हुकते, ती खपते. लय 150 असली की मात्रा 9.6 फ्रेमची. तिथे सरसकट 10 धरले तर एका आवर्तनात पाव सेकंद घसरतो. शिवाय गाताना लय चढतेच. म्हणून तबल्याचा ट्रॅक वेगळा घेऊन प्रत्येक सम, म्हणजे आवर्तनाची पहिली मात्रा, कानाने ऐकून तक्त्यावर मांडायची आणि दोन समांमधली जागा वाटून घ्यायची. समेचं चित्र आवाजाच्या एक-दोन फ्रेम आधी ठेवावं. मागे राहिलं तर फार खटकतं.

आलापात मोजायला मात्रा नसते. दरबारी रागातल्या कोमल गंधाराचं आंदोलन, म्हणजे स्वराचं संथ हेलकावणं, सारख्या वेगाने हलवलं की यांत्रिक दिसतं. टोकाला चित्रं दाट आणि मधे विरळ घ्यावी लागतात.

मे महिन्यात पंखा लावला तर भुकटी उडते, कूलर लावला तर दमटपणाने गुठळ्या होतात. त्यामुळे चित्रण रात्री उशिरा सुरू करून पहाटेपर्यंत. पावसाळ्यात भुकटी तव्यावर कोरडी भाजून घ्यायची. व्होल्टेज खालीवर झालं की चित्र लुकलुकतं, म्हणून पॅनल यूपीएसवर आणि एक्स्पोजर मॅन्युअल. अंगात काळा शर्ट. पांढऱ्याचं प्रतिबिंब काचेत उमटतं.

बंदिश पारंपरिक असली तरी ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतर 60 वर्षं राहतो. त्यामुळे आम्ही भागातल्याच कलाकारांकडून नव्याने गाऊन-वाजवून घेतो, लेखी करारावर. श्रेयनामावलीत तबलजीचं नाव गायकाच्या बरोबरीने येतं.