राळ्याचे दाणे

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. ‘रामसे बंधूंच्या भयपटांत बाईला इतके हीन दाखवलेले असते, तरी तुम्ही ते पुन्हा पुन्हा का पाहता?’ हा प्रश्न मला नेहमी ऐकावा लागतो, आणि त्यातला आक्षेप मला मान्य आहे. १९८८ च्या ‘वीराना’त कॅमेरा आधी जास्मिनच्या अंगाप्रत्यंगावरून लोभाने फिरतो, आणि तिच्या मोहात पडलेला पुरुष मेला की सारा दोष तिला झपाटणाऱ्या चेटकिणीच्या माथी जातो, पाहणाऱ्याच्या नजरेबद्दल चित्रपट अवाक्षरही काढत नाही. त्याचे समर्थन मी कधीच करणार नाही.

तरीही १९८४ च्या ‘पुराना मंदिर’पाशी मी अडते. राजा हरिमानसिंह सामरी या सैतानाला शिरच्छेदाची शिक्षा देतो, तेव्हा सामरी शाप देतो की या राजाच्या घराण्यातली प्रत्येक स्त्री बाळंतपणात मरेल. शिक्षा देणारा पुरुष, शापही पुरुषाचाच, आणि पिढ्यान्‌पिढ्या जीव जातो तो बायकांचा. पुढे त्याच वंशातला ठाकूर आपल्या मुलीला, सुमनला, कोणाच्या प्रेमात पडू देत नाही, कारण लग्न झाले की मूल होणार आणि मूल झाले की ती जाणार. एरवीच्या कौटुंबिक चित्रपटांत बाळंतपण मी पाहिले ते बंद दाराबाहेर येरझाऱ्या घालणाऱ्या नवऱ्याच्या चेहऱ्यावर. दाराच्या आत बाई मरू शकते, ही गोष्ट कथेच्या गाभ्याशी मला भेटली ती या चित्रपटात.

बाळंतपणात गेलेली बाई हडळ होते, असे माझी आजी सांगायची. अशा बाईच्या तिरडीमागे वाटभर राळे, म्हणजे एका तृणधान्याचे बारीक दाणे, पेरत जात, म्हणजे ती परत फिरलीच तर दाणे वेचता वेचता उजाडेल आणि घराचा उंबरठा तिला गाठता येणार नाही. आजीने स्वतःच्या थोरल्या बहिणीमागे ते दाणे पडताना पाहिले होते. सुईण इतक्या उशिरा का आली, कोवळ्या वयात तिच्यावर तिसरी खेप का लादली गेली, हे त्या घरात कोणी विचारले नाही. धास्ती होती ती एवढीच की ती परत येईल. आजी म्हणे, आली असती तर लेकराला पाजायलाच आली असती, ते आत रडत होते.